पोट भरल्याने कोणी मरते का?



परम कृपाळू, परम दयाळू अल्लाहचे नाव घेऊन आरंभ करतो. आज आपणासमोर जो प्रश्न मांडणार आहे, तो मला मदरशातील कोणत्याही ग्रंथात आढळला नव्हता आणि महाविद्यालयात मराठी शिकतानाही कोणी विचारला नव्हता. तो मला एका निरक्षर, रोजंदारीने कापूस वेचणाऱ्या भिल्ल भगिनीने मस्जिदीच्या पायरीशी उभे राहून विचारला. त्या दिवशी माझ्याकडे उत्तर नव्हते. उत्तर शोधता शोधता मला माझीच चूक सापडली, आणि ती आपणापासून लपवून ठेवणे योग्य नाही असे वाटल्यामुळे हा लेख लिहीत आहे.

नंदुरबार जिल्ह्यातील शहादा तालुक्यात ज्या गावी मी इमामत करतो, तेथे दोन वर्षांपूर्वी हिवाळ्यात एका सुखवस्तू घरी वलीमा झाला. पाहुणे अपेक्षेपेक्षा कमी आले आणि दालच्याबरोबर वाढायचा दोन देगा पांढरा भात उरला. नेमके त्याच आठवड्याच्या जुम्याला मी अपव्ययावर भाषण केले होते. अन्नाचा एक दाणाही वाया घालवू नका, माणसांना देऊन उरले तर मुक्या जनावरांच्या मुखी घाला, असे मी मोठ्या आवेशाने सांगितले होते. त्यामुळे यजमान माझ्याकडे आले, आणि मी क्षणाचाही विचार न करता म्हणालो की नाल्याकाठी, जिथून शेळ्या सायंकाळी परततात तिथे भात ओता; अल्लाह त्याचा सवाब देईल.

भात ओतला गेला. त्या भगिनीच्या तीन शेळ्या दिवसभर बोरी-बाभळीचा पाला ओरबाडून परतत होत्या. त्या ढिगावर तुटून पडल्या. मी तेथेच उभा होतो, आणि भुकेल्या जिवांना पोटभर खाताना पाहून माझ्या तोंडून ‘अल्हम्दुलिल्लाह’ निघाले.

दुसऱ्या दिवशी शेळ्या उठेनात. पोटे तटतटली होती, त्या दात खात होत्या, लेंड्यांऐवजी पाण्यासारखी हगवण लागली होती. तिसऱ्या दिवशी फज्रच्या अजानापूर्वी दोन शेळ्या गेल्या. त्यांतली एक गाभण होती. आपल्याकडे शेळीला गरिबाची गाय म्हणतात. ज्याच्या घरी बँकेचे पुस्तक नाही, त्याच्या घरी शेळी हीच ठेव असते. ती ठेव माझ्या एका वाक्याने बुडाली होती.

मावशी मस्जिदीपाशी आल्या. त्यांनी भांडण केले नाही, आरोप केला नाही. त्यांनी एवढेच विचारले, “मौलानासाहेब, उपाशी मरतं ते मला ठाऊक आहे. पण पोट भरल्यानं कोणी मरतं का?”

चार कप्प्यांची कोठी

हा प्रश्न घेऊन मी तालुक्याच्या पशुवैद्यकीय दवाखान्यात गेलो. तेथील डॉक्टरांनी जे समजावून सांगितले आणि नंतर मी जे वाचले, ते आपणापुढे ठेवतो.

ईदुल अजहाच्या दिवशी वजडी धुऊन साफ करणाऱ्या माता-भगिनींना रवंथ करणाऱ्या जनावराचे पोट माझ्यापेक्षा अधिक परिचित आहे. वजडीचा एक मोठा भाग टॉवेलसारखा खरखरीत, लवदार असतो. दुसऱ्या भागावर मधमाश्यांच्या पोळ्यासारखी जाळी असते. तिसऱ्या भागात पुस्तकाच्या पानांसारखे पडदेच पडदे असतात. चौथा भाग मात्र गुळगुळीत आणि आपल्या जठरासारखा असतो. यांनाच अनुक्रमे कोठीपोट, जाळीपोट, पडदेपोट आणि खरे पोट म्हणतात. आपण दरवर्षी हे हातांनी चाचपतो, उकळतो, शिजवतो. पण त्यात काय लिहिले आहे ते वाचत नाही.

कोठीपोट हे नाव सार्थ आहे. मोठ्या गाईच्या कोठीपोटात शंभर लीटरहून अधिक ऐवज मावतो. गाय चरताना घास नीट चावत नाही. जीभेने गवत वेढून उपटते आणि घाईने कोठीत भरते. नंतर निवांत जागी बसून तोच घास पुन्हा तोंडात आणते, संथपणे चावते, लाळेत भिजवते आणि पुन्हा गिळते. हेच रवंथ. दिवसाच्या चोवीस तासांपैकी सात-आठ तास गाय याच कामात घालवते, आणि एका दिवसात तिच्या तोंडात शंभर लीटरहून अधिक लाळ तयार होते. ही लाळ केवळ घास ओला करण्यासाठी नसते. तिच्यात सोड्यासारखे क्षार असतात आणि ते कोठीतील आंबटपणा सतत शमवीत राहतात.

पण सर्वांत विस्मयकारक गोष्ट पुढेच आहे. गवत, कडबा, पाला यांचा मुख्य घटक म्हणजे तंतुमय काष्ठ द्रव्य. तेही शेवटी साखरेच्याच कणांचे बनलेले असते. भातातले पिष्टही साखरेच्याच कणांचे असते. फरक आहे तो कण एकमेकांना कसे जोडले आहेत यात. काष्ठ द्रव्याची ती गाठ सोडवणारा पाचक रस आपल्या पोटात नाही, आणि ऐकून नवल वाटेल, गाईच्या स्वतःच्या पोटातही नाही! मग कडबा पचवतो कोण? गाईच्या कोठीत राहणारे सूक्ष्म जीव. त्या ओल्या चोथ्याच्या एका थेंबात कोट्यवधी जिवाणू नांदतात. त्यांच्याबरोबर त्यांच्याहून मोठे आदिजीव आणि बुरशीचे सूक्ष्म प्रकारही असतात. 1843 साली फ्रान्समध्ये ग्रुबी आणि देलाफों या दोन संशोधकांनी सूक्ष्मदर्शकातून यांतल्या आदिजीवांचे वर्णन केले. त्यापूर्वी हजारो वर्षे माणूस गाय पाळत होता, पण गाईच्या पोटात कोण पाळलेले आहे हे त्याला ठाऊक नव्हते.

ही अदृश्य वस्ती कडबा आंबवते. त्यातून जी सौम्य आम्ले निघतात ती कोठीच्या लवदार भिंतीतून रक्तात शोषली जातात, आणि जनावराच्या शक्तीचा मोठा भाग, सुमारे सत्तर टक्के, त्यांच्यापासूनच मिळतो. जो वायू उरतो तो जनावर ढेकरेवाटे बाहेर टाकते. पुढे हे जिवाणू स्वतःही चोथ्याबरोबर वाहत खऱ्या पोटात जातात आणि तेथे पचून जनावराची प्रथिने बनतात. म्हणजे गाय आधी या वस्तीला चारा घालते, आणि मग त्या वस्तीवरच स्वतः जगते. जन्मलेल्या वासराच्या पोटात ही वस्ती नसते. आईने चाटताना, आईबरोबर चारा हुंगताना ती हळूहळू येऊन वसते. तोवर वासराने चोखलेले दूध एका खास पन्हळीतून कोठीला वळसा घालून थेट खऱ्या पोटात उतरते. ही पन्हळ कोणी घडवली, याचा विचार बुद्धिमंतांनी करावा.

भाताने काय केले?

आता मावशींच्या प्रश्नाकडे येऊ. कोठीतील जे जीव तंतू पचवतात, ते संथ काम करणारे आहेत आणि त्यांना आंबटपणा फारसा सोसत नाही. शिजलेला भात, पीठ, भाकरी, पाव, धान्य यांतले पिष्ट मात्र अत्यंत वेगाने आंबते. पाल्यावर जगणाऱ्या शेळीच्या कोठीत एकाएकी किलोवारी भात पडला की दुसऱ्याच जातीचे जिवाणू माजतात आणि तीव्र आम्ल तयार करू लागतात. मऊ भाताला रवंथ लागत नाही, रवंथ नाही म्हणून लाळ नाही, आणि लाळ नाही म्हणून आम्ल शमत नाही. तंतू पचवणारी जुनी वस्ती त्या आम्लात मरून जाते. कोठीची हालचाल थांबते. शरीरातील पाणी कोठीत ओढले जाते, जनावर आतून कोरडे पडते, आम्ल रक्तात उतरते, आणि एक-दोन दिवसांत ते दगावते. पहिल्या काही तासांत डॉक्टर गाठले तर खाण्याच्या सोड्यासारख्या उपायाने आणि औषधाने जीव वाचू शकतो. आम्ही मात्र पहिले काही तास पुण्याच्या समाधानात घालवले.

डॉक्टर शेवटी म्हणाले, “तुम्ही शेळीला भरवलं, पण शेळीच्या पोटातल्यांना मारलंत.”

आमचा चुकीचा कियास

वाचकहो, मदरशात आम्हाला कियास शिकवतात. एका गोष्टीचा निर्णय दुसऱ्या गोष्टीला लावायचा असेल तर दोहोंतील कारण समान असले पाहिजे. कारण भिन्न असताना केलेली तुलना म्हणजे ‘कियास मअल फारिक’, आणि ती रद्द ठरते. परीक्षेत या प्रश्नाला मला उत्तम गुण मिळाले होते. नाल्याकाठी उभा असताना मी तोच सदोष कियास केला: मला भात आवडतो, भाताने माझी भूक शमते, म्हणून शेळीचीही शमेल.

आपण सर्वांनी ती हदीस ऐकली आहे, ज्यात तहानेने व्याकूळ वाटसरू विहिरीत उतरून पाणी पितो, आणि वर आल्यावर तहानेने ओली माती चाटणारा कुत्रा पाहून पुन्हा उतरतो, मोज्यात पाणी भरून आणतो व त्याला पाजतो. आणि अल्लाह त्याच्या कृतीची कदर करून त्याला क्षमा करतो. त्या वाटसरूनेही स्वतःवरूनच कुत्र्याची अवस्था ओळखली होती. मग त्याची तुलना बरोबर आणि माझी चूक का? कारण तहान दोघांची एकच होती आणि पाणी दोघांचे एकच होते. शिवाय त्याने आपल्याजवळ जे उरले होते ते दिले नाही. समोरच्या जिवाला जे हवे होते ते कष्ट करून आणून दिले. मी मात्र माझ्या घरचे ओझे उतरवले आणि त्याला दया हे नाव दिले.

पवित्र कुरआनकडे पाहा. सूरह अबसमध्ये माणसाला आपल्या अन्नाकडे पाहण्यास सांगितले आहे. आकाशातून पाणी, भूमीचे दुभंगणे, मग धान्य, द्राक्षे, भाज्या, जैतून, खजूर, बागा, फळे आणि चारा यांचा उल्लेख येतो, आणि शेवटी ही सर्व तरतूद तुमच्यासाठी व तुमच्या गुरांसाठी आहे असे सांगितले जाते. पाऊस एक, भूमी एक, पण ताटे दोन. आपल्या शेतातील ज्वारीचे ताट हेच तर सांगते. वर कणीस, ते तुमच्यासाठी. खाली कडबा, तो त्यांच्यासाठी. जे आपल्याला पचत नाही त्याच्यावर ते जगतात, आणि जे आपले आहे त्याच्या अतिरेकाने ते मरतात. सूरह ताहामध्ये फिरऔनाने हजरत मूसा (अ.स.) यांना त्यांच्या पालनकर्त्याविषयी विचारले, तेव्हा त्यांनी दिलेल्या उत्तराचा आशय असा की आमचा पालनकर्ता तो आहे ज्याने प्रत्येक वस्तूला तिची घडण दिली आणि मग तिला मार्ग दाखविला. प्रत्येकाची घडण निराळी, म्हणून प्रत्येकाचा मार्गही निराळा. दया करणाऱ्याने ती घडण जाणून घेतली पाहिजे.

याच जिल्ह्यात तापीकाठी सारंगखेड्याला दत्तजयंतीच्या यात्रेत घोड्यांचा मोठा बाजार भरतो. आपल्यापैकी अनेकांनी तो पाहिला असेल. घोडाही गवतच खातो, पण तो रवंथ करीत नाही. त्याचे जठर एककप्पी असते आणि त्याचा चारा पोटाच्या शेवटच्या भागात, मोठ्या आतड्यात आंबतो. सूरह नहलच्या आरंभी ऊब, अन्न आणि भारवाहन देणाऱ्या गुरांचा उल्लेख येतो, आणि त्यानंतर घोडे, खेचरे व गाढवे यांचा उल्लेख स्वारी आणि शोभेसाठी म्हणून स्वतंत्रपणे येतो. सूरह अनआममध्ये गुरांच्या ज्या आठ जोड्या-नगांची गणना आहे ती मेंढी, शेळी, उंट आणि गाय यांच्या नर-मादीची आहे. उंटाच्या पोटाची रचना थोडी वेगळी, तीन कप्प्यांची असली तरी तोही रवंथ करणाराच आहे. कुरआन प्राणिशास्त्राचे पाठ्यपुस्तक म्हणून अवतरलेला नाही, आणि प्रत्येक नव्या शोधासाठी आयती शोधत फिरणे मला रुचत नाही. मला एवढेच म्हणायचे आहे की अल्लाहच्या वाणीत सर्व जनावरे एका ओळीत कोंबलेली नाहीत. आम्ही मात्र सर्वांना ‘मुकी जनावरे’ म्हणून एकाच उकिरड्यावर बोलावतो.

हे ज्ञान कोणाकडे असते? आपल्या भागात मेंढरांचे कळप घेऊन फिरणाऱ्या ठेलारी मेंढपाळाला विचारा. तो कोवळ्या, पाण्यावाचून खुरटलेल्या ज्वारीत कळप शिरू देत नाही, कारण त्यात विष असते हे त्याने वडिलांकडून ऐकलेले असते. भुकेला कळप धान्याच्या खळ्यापासून तो काठी आडवी धरून दूर ठेवतो. प्रेषित मुहम्मद (स.) यांनी सांगितले आहे की अल्लाहने पाठविलेल्या प्रत्येक प्रेषिताने शेळ्या-मेंढ्या राखल्या, आणि त्यांनी स्वतःही मक्केत त्या राखल्या होत्या. मी मिंबरवर उभा राहतो, पण मी कधी शेळी राखली नाही. एका हदीसमध्ये अशा वक्त्याविषयी अल्लाहची नापसंती व्यक्त झाली आहे, जो गाय जीभ फिरवते तशी आपली जीभ फिरवीत बोलतो. ही हदीस मी अनेकदा वाचली होती. मावशी पायरीशी उभ्या राहिल्या तेव्हा ती मला पहिल्यांदा समजली.

चोथा आणि रक्त यांमधून

सूरह नहलच्या सहासष्टाव्या आयतीत गुरांमध्ये तुमच्यासाठी धडा आहे असे सांगून पुढे म्हटले आहे की त्यांच्या पोटातील चोथा आणि रक्त यांच्यामधून आम्ही तुम्हाला शुद्ध, पिणाऱ्यांना सहज घशाखाली उतरणारे दूध पाजतो. आता या आयतीचा आशय डोळ्यांसमोर आणा. कोठीत आंबट वासाचा हिरवा चोथा. तेथून जे निर्माण होते ते रक्तात जाते. रक्त कासेत येते. एक लीटर दूध बनण्यासाठी कासेतून सुमारे चारशे ते पाचशे लीटर रक्त फिरावे लागते. आणि शेवटी जे बाहेर येते त्याला चोथ्याचा वास नाही, रक्ताचा रंग नाही.

चोथा आणि रक्त यांच्यामधून अल्लाह जे निर्मळ काढतो, ते आपल्या हाती आल्यावर किती निर्मळ राहते? आपला नंदुरबार जिल्हा बालकांच्या कुपोषणामुळे ओळखला जातो ही आपल्या सर्वांसाठी खाली मान घालण्याची गोष्ट आहे. धडगाव-अक्कलकुव्याच्या डोंगरातील बालकाच्या वाट्याला क्वचित येणाऱ्या पेलाभर दुधात जो पाणी मिसळतो, तो मोजमापात नव्हे, एका जिवाच्या वाढीत चोरी करतो. प्रेषितांनी (स.) विक्रीपूर्वी जनावराची कास न पिळता तुंबवून ठेवण्यास मनाई केली आहे, कारण त्यामुळे ग्राहकाला ते अधिक दुधाळ भासते. आज कुर्बानीच्या बोकडाला विकण्यापूर्वी बेसन-पाणी पाजून वजन वाढवणारा व्यापारी याहून काय वेगळे करतो? तो ग्राहकालाही फसवतो आणि त्या बोकडाच्या पोटातही तेच आम्ल ओततो ज्याने मावशींच्या शेळ्या गेल्या.

आणि आपणही निर्दोष नाही. ईदच्या आठ दिवस आधी बोकड घरी येतो. मुले प्रेमाने त्याला भाकरी, पाव, बिस्किटे, मूठमूठ गहू भरवतात आणि आपण कौतुकाने पाहतो. ईदच्या आदल्या रात्री तो पोट फुगून पडला की आपण नजर लागली म्हणतो. नजर लागलेली नसते, नजर नसते! आपण पाहिलेलेच नसते की तो काय खाणारा जीव आहे.

उकिरड्यावरील प्लास्टिकचीही हीच कथा आहे. अन्नाचा वास लागलेली पिशवी गाय गिळते. ती कोठीत पचत नाही, पुढेही सरकत नाही. वर्षानुवर्षे साठून तिचा गोळा होतो आणि भरल्या पोटी गाय उपाशी मरते. तार किंवा खिळा असेल तर तो पोळ्यासारख्या जाळीपोटात अडकतो, आणि तेथून हृदय फार दूर नसते. पिशवीची गाठ मारून उष्टे फेकणाऱ्या आपल्या हाताला हे ठाऊक असते का?

भरपाईचा प्रश्न

मावशींच्या शेळ्यांचे मोल कोणी द्यायचे? गावात दोन मते झाली. कोणी म्हणाले, शेळ्या आपण होऊन आल्या, आपण होऊन खाल्ल्या. हेतू तर चांगला होता. फिक्हच्या पुस्तकांत थेट नुकसान करणारा आणि केवळ निमित्त ठरणारा यांत भेद केलेला आहे, हे मीही जाणतो. काजीसमोर हा दावा कदाचित टिकलाही नसता. पण जागा मी निवडली होती. शेळ्या तिथून येतात हे मला ठाऊक होते. म्हणूनच तर ती निवडली. माझा हेतू अल्लाह पाहील, पण नुकसान मावशींनी पाहिले होते.

सूरह अंबियामध्ये हजरत दाऊद (अ.स.) आणि हजरत सुलैमान (अ.स.) यांच्यासमोर आलेल्या एका खटल्याचा उल्लेख आहे. लोकांच्या मेंढ्या रात्री कोणाच्या शेतात शिरून चरल्या होत्या. भाष्यकार सांगतात की सुलैमान (अ.स.) यांनी असा मार्ग सुचविला: मेंढ्यांच्या मालकाने शेत पूर्ववत करून द्यावे, आणि तोवर शेतकऱ्याने मेंढ्यांचे दूध व लोकर घ्यावी. या निवाड्यात मला जे भावते ते असे की त्यात दोषाच्या चर्चेपेक्षा गमावलेले जगणे परत उभे करण्यावर भर आहे. आम्ही तोच मार्ग धरला. यजमान आणि मी मिळून दोन दुभत्या शेळ्या घेतल्या, आणि त्या येईपर्यंत मावशींच्या घरी दुधाची सोय केली.

शेळ्या घेऊन गेलो तेव्हा मी त्यांच्या प्रश्नाचे उत्तर दिले. म्हणालो, “होय मावशी, पोट भरल्याने मरते. पोटात जे राहतात त्यांना न विचारता भरले तर मरते.” त्यांनी दोरी हाती घेतली, नव्या शेळ्यांचे कान चाचपले आणि म्हणाल्या, “शेळ्या दिल्यात, बरं झालं. आता भात देऊ नका.”

आपण काय करावे?

वाचक बंधू-भगिनींनो, त्यानंतर आमच्या मस्जिदीत काही गोष्टी ठरल्या. वलीम्याचा अंदाज घरातील वडीलधाऱ्यांसह आधी बसून करावा, म्हणजे उरण्याचा प्रश्नच फारसा येणार नाही. कारण अपव्ययावरील खरा उपाय उकिरड्यावर नव्हे, चुलीपाशी आहे. उरलेच तर ते ताजे असतानाच माणसांच्या घरी पोहोचवावे. शिळा भात-भाकरी जनावरांपुढे ढिगाने ओतू नये. ज्याचे जनावर त्याला विचारल्याशिवाय काहीच घालू नये. मालकाने घातले तरी कोरड्या चाऱ्याबरोबर मूठभरच. जनावराने धान्य किंवा भात अधिक खाल्ल्याचे कळले तर रात्र उलटण्याची वाट न पाहता डॉक्टरांना बोलवावे. आणि उष्ट्याबरोबर प्लास्टिक, तार, काच कधीही जाऊ देऊ नये.

एका अन्सारी सहाबीच्या बागेत प्रेषितांना (स.) पाहून एक उंट रडला होता. त्यांनी त्याच्या मानेवरून हात फिरवला, तो शांत झाला, आणि मग त्यांनी मालकाला बोलावून अल्लाहचे भय बाळगण्यास सांगितले. कारण उंटाने तक्रार केली होती की तू त्याला उपाशी ठेवतोस आणि थकवतोस. मी अनेक वर्षे समजत होतो की या हदीसचा अर्थ जनावराला पोटभर घालणे एवढाच आहे. आता वाटते, तिचा पहिला धडा हात फिरवण्याचा आणि ऐकण्याचा आहे. आधी त्याचे म्हणणे ऐकले गेले, मग निर्णय झाला. मुके जनावर आपल्याशी बोलत नाही, पण त्याचे पोट, त्याचे रवंथ, त्याचे शेण बोलते. सायंकाळी गोठ्यात बसलेली गाय रवंथ करीत नसेल तर ते तिचे गाऱ्हाणे आहे, हे आपल्या आजी-आजोबांना ठाऊक होते.

मराठीत आपण एखादा विचार मनात पुन:पुन्हा घोळवण्याला रवंथ करणे म्हणतो. जुम्याचे भाषण आपण घाईघाईने ऐकतो, जसे जनावर घाईने चरते. त्यात वावगे नाही. पण रात्री निवांत बसून तो घास पुन्हा वर आणला नाही, चावला नाही, तर तो अंगी लागत नाही. ऐकणाऱ्यांना हे लागू आहे, आणि सांगणाऱ्याला तर अधिकच. माझे अपव्ययावरचे भाषण मीच चावले नव्हते. ज्या चांगुलपणामागे जाणून घेण्याचे कष्ट नाहीत, तो दुसऱ्याच्या पोटात जाऊन विष होऊ शकतो.

हे अल्लाह, तू प्रत्येक जिवाला त्याची घडण दिलीस. ती ओळखण्याची दृष्टी आम्हाला दे. आमच्या दयेला ज्ञानाची जोड दे आणि आमच्या ज्ञानाला नम्रतेची. आमच्या हातून अजाणता ज्यांचे नुकसान झाले, त्यांची भरपाई करण्याचे धैर्य आम्हाला दे. चोथा आणि रक्त यांमधून तू जे निर्मळ आमच्यापर्यंत पोहोचवतोस, ते निर्मळच पुढे पोहोचविण्याची सद्बुद्धी आम्हाला प्रदान कर. आमीन.